शेवंताबाईचं कापलेलं कडवं

नाव लिहा धनपाल. गाव आंधळगाव, तालुका मोहाडी, जिल्हा भंडारा. मी जलमलो तवा असा बोंबललो म्हणतेत का पार बपेऱ्याच्या लोकाईनं आपले ढोरं आत बांधून घेतले, त्याईले वाटलं वाघ आला. माही माय सांगे हे, अन् माय खोटं बोलत नव्हती, खोटं बोलाचं काम आमच्या घरी माह्याकडंच होतं. हसून राह्यले ना तुम्ही? हसा. तुमसरात कोणालेही विचारा, टेपवाला धनपाल कसा माणूस आहे, तर तो आधी हसन अन् मंग सांगन. पण आज मी तुम्हाले जे सांगाले बसलो ते मी आजवर कोणालेच सरळ सांगितलं नाई, सांगितलं तं उलटं करून सांगितलं. मधातमधात मी वाढवून बोलन, सवय आहे, तेवढं तुम्ही पाखडून घ्या.

आजानं बुद्धाची दीक्षा घेतली तवा घरातले देव तळ्यात नेऊन सोडले अन् रिकाम्या देवळीत गावच्या गाणंमंडळाची ढोलकी ठेवली. ढोलकी मावेना, तं आजानं देवळी फोडून मोठी केली, भिंत पडता पडता राह्यली. माहा बाप त्या मंडळात झीलकरी. म्हणजे गाणारा पुढं उभा राहे अन् बाप त्याच्या मागं, गाणाऱ्यानं ओळ टाकली का तिचं शेपूट धरून वर उचलाचं, जिंदगीभर बापानं दुसऱ्याच्या ओळीचं शेपूटच उचललं, पण असं उचले का लोक गाणाऱ्याले सोडून बापाकडं पाहेत. आता आमच्या ह्या गाण्याची एक रीत आहे, ती तुम्ही नीट लिहून घ्या. ज्यानं गाणं केलं त्याचं नाव शेवटच्या कडव्यात येते. अमका म्हणे, तमका सांगे, असं. गाणं कोणाचं, याचा दुसरा कागद नाई, शिक्का नाई, सातबारा नाई, तेवढं एक कडवं. बाप म्हणे, धनपाल, मधातलं काहीही विसरशीन तं चालते, पण शेवटचं कडवं होवाच्या आधी बैठकीतून उठू नोको, तो गाणाऱ्याचा अपमान आहे. मी हाव म्हणो. मी सगळ्यालेच हाव म्हणो.

नागपूरले जाऊन रेडिओ दुरुस्ती शिकलो अन् तुमसरच्या बाजारात दुकान टाकलं. दुकान कायचं, दोन माणसं आत आले का तिसऱ्यानं बाहेर थांबाचं. पण काम असं का बंद पडलेला रेडिओ माह्या हाती आला का आपोआप बोलाले लागे, भेवानं.

एका दुपारी दुकानासमोर ही गर्दी. अर्धं तुमसर लोटलं म्हणा ना. गर्दीतून एक काळा माणूस आला, साडेसात फूट उंच. बरं, सहा फूट. नाव जोसेफ, आफ्रिकेतल्या केनियाचा, नागपुरात कॉलेजात शिकून राह्यला होता, अन् वर्गातल्या पोट्ट्याच्या बहिणीच्या लग्नाले बपेऱ्याले जाऊन राह्यला होता. रस्त्यात त्याच्या टेपनं कॅसेट गिळली. कोणीतरी त्याच्या केसाले हात लावून पाह्यला, तर त्यानं वळून हिंदीत म्हटलं, भाई, टिकट लगा दूँ क्या? सगळे हसले, मंग त्याईलेच लाज वाटली अन् पांगले. मी त्याले स्टूल देला. टेपचा पट्टा तुटला होता, मी सायकलच्या ट्युबचा बारीक गोल कापून बसवला, अन् चालते का पाहाले त्याचीच कॅसेट लावली.

काय सांगू तुम्हाले. आतून एक माणूस हाक मारल्यासारखा गाये, अन् मागून दहा-पंधरा जण तीच ओळ उचलत, अन् मधात धप्प, धप्प, लाकडावर कुऱ्हाड पडल्यावाणी. ना पेटी, ना तबला. मी म्हटलं, अरे बापा, हे तं रोवण्याचं गाणं आहे. तो म्हणे, काय? मी त्याले समजावलं का आमच्याकडं धानाचा रोवणा राहते, चिखलाच्या बांधीत बाया ओळीनं वाकून रोपं लावतेत, एक बाई ओळ टाकते अन् बाकीच्या झेलतेत, अन् पाय चिखलातून निघतेत त्याचा असाच आवाज येते. त्यानं टेप मागं फिरवून तीच ओळ पुन्हा लावली. मंग म्हणे, हे माह्या लोकाईचे लोक आहेत, जहाजात भरून अमेरिकेले नेलेले, कापसाच्या वावरात राबवलेले, त्याईच्या नातवापणतवाईचं गाणं आहे हे.

मंग चहा आला, अन् तो बोलत राह्यला. म्हणे, आज जगात जे रेकॉर्डीचं गाणं वाजते, तुमच्या पिक्चरमधला ठेकाही, त्याच्या मुळाशी हे लोक आहेत. माइकसमोर आपल्या गळ्यानं कसं गावं हे रेकॉर्डवाल्याईले काळ्या लोकाईनं शिकवलं. पण कंपन्याईनं काय केलं? त्याईच्या रेकॉर्डी वेगळ्या खात्यात, वेगळ्या गल्लीत विकल्या. अन् गाणं चाललं का तेच गाणं एखाद्या गोऱ्याकडून, साफ गळ्यानं गाऊन घेतलं अन् देशभर विकलं. ज्यानं केलं त्याचं नाव कधी लहान, कधी दुसऱ्याचंच, कधी काहीच नाई. मी म्हटलं, आमच्या बापाले हॉटेलात वेगळा कानतुटका कप होता, बाहेर वळचणीत ठेवलेला. तो म्हणे, तिकडं पाण्याचे नळ वेगळे होते. अन् मी त्या गोऱ्या कंपनीवाल्याईले अशा शिव्या देल्या, अशा देल्या का बाजूचा सोनार दुकान बंद करून घरी गेला. लिहून ठेवा हे. ह्याच तोंडानं देल्या.

दुरुस्तीच्या बदल्यात जोसेफ ती कॅसेट मलेच ठेवून गेला. पुन्हा काही भेटला नाई. मी ती कॅसेट हजार वेळा, बरं, शंभर वेळा ऐकली अन् तिच्यातून धंदा शिकलो. तवा आमच्याकडं रेकॉर्डिंग म्हणजे गाणाऱ्याले चार हात दूर उभा कराचा, खोकला आला का पुन्हा पहिल्यापासून. मी माइक गळ्याजवळ आणला. श्वास येते तं येऊ दे. टाळी चुकली तं राहू दे. दुकानामागची खोली घेतली, बारदानात धानाचं तणस भरून भिंतीले ठोकलं, वरती, खालती, दाराले, सगळीकडं. त्या खोलीत इतकी शांती का मुंगी चालली तं टेपात पाय वाजत. गोंदिया, साकोली, पार बालाघाटाकडचे मंडळं येत, म्हणत, धनपाल, तुह्या टेपात माणूस समोर बसल्यावाणी वाटते. मी म्हणो, माही कला. जोसेफचं नाव तिथंही घेतलं नाई मी.

आता शेवंताबाई. आंधळगावचीच, माह्याहून दहा-बारा वर्षांनी मोठी, रोवण्याच्या बायाईची म्होरकी. शाळेत गेली नाई एक दिवस, पण गाणं रचे. आवाज कसा म्हणाल तं खरखरीत, कडेले जळलेल्या भाकरीवाणी, अन् वर गेला का तुमच्या छातीत काहीतरी हाले. तिनं एक गाणं केलं होतं, लेक मायले शाळेची पाटी मागते,

पाटी दे वं माय, मले पाटी दे
हाती चिखल हाये, तरी पाटी दे

मी तिले अन् पाच बायाईले तुमसरले आणलं. खोलीत उभ्या केल्या, तं आवाजच निघेना. एकमेकीकडं पाहेत अन् पदर तोंडाले लावून हसत. शेवंताबाई म्हणे, धनपाल, उभ्यानं गाणं कसं येईन गा, आमचं गाणं वाकल्यावर येते. मंग मी जमिनीवर ओलं बारदान अंथरलं, माइक पाटावर निजवला, अन् म्हटलं, रोवा. सहा बाया त्या खोलीत वाकल्या, हातात काही नाई, बोटं मातर रोप खोचल्यासारखी चालत, पाय थप्प थप्प, अन् ते गाणं आलं. जोसेफच्या कॅसेटीतलं ते धप्प आठवून माह्या अंगावर काटा आला. हे वाढवून नाई सांगून राह्यलो. शेवटी तिनं आपलं कडवं म्हटलं, शेवंता म्हणे, असं. पुढं दोन ओळी होत्या. त्या दोन ओळी मले आज येत नाई. सगळं दुखणं तिथंच आहे.

कॅसेटीचा एक व्यापारी नागपूरहून माह्याकडं येई. त्यानं ते ऐकलं अन् उठून उभा राह्यला. म्हणे, गाणं तं हिरा आहे, पण बाईचा आवाज कोण घेईन, कुकर घासल्यावाणी आहे. माह्याकडं एक पोरगी आहे, ऑर्केस्ट्रात गाते, साफ गळा, दिसाले छान, तिच्याकडून गाऊन घेऊ, मागं कॅसिओ टाकू. मी म्हटलं, अन् शेवटचं कडवं? तो म्हणे, कव्हरवर नाव पोरीचं अन् गाण्यात शेवंता, गिऱ्हाईक विचारन हे शेवंता कोण, काढून टाक. कवीच्या जागी काय लिहाचं? पारंपरिक लिही.

आता मी लोकाईले आजवर काय सांगत आलो, का टेप कमी पडली. साईड तीस मिनटाची, गाणं लांब, टेप संपली, मी काय करू. खोटं आहे. टेप उरली होती. खरं हे का व्यापारी म्हणे, खाली बारीक अक्षरात छापू, रेकॉर्डिंग : धनपाल, तुमसर. छापलेलं नाव! आमच्या खानदानात कोणाचं नाव लग्नपत्रिकेशिवाय छापलं नव्हतं. माहं अक्षर चांगलं, कव्हरचा मजकूर मीच लिहून देला. पारंपरिक, हा शब्द ह्या हातानं लिहिला. तुम्ही विचारान, तवा जोसेफ आठवला नाई का? आठवला ना. मी त्याले मनात म्हटलं, बावा, तू जरा बाहेर थांब.

कॅसेट निघाली तवा शेवंताबाई दुकानात आली. कोणीतरी तिले सांगितलं होतं का तुहं गाणं बाजारात वाजून राह्यलं. स्टुलावर बसली, म्हणे, लाव. दुसरीचा आवाज ऐकला तं मान हलवत राह्यली, म्हणे पोरगी गोड गाते. मंग शेवट आला. तिनं मान वर केली, पदर सावरला, जसं आता आपलं नाव पुकारतील तं उठाचं आहे. अन् गाणं संपलं, कॅसिओ वाजला अन् दुसरं गाणं सुरू झालं. म्हणे, माहं कडवं? मी म्हटलं, बाई, टेप संपली. ती म्हणे, तं मधातलं एखादं कापाचं होतं ना धनपाल, शेवटचं काहून कापलं? एवढंच. भांडली नाई, शिवी नाई, चहा सांगितला तो पिली अन् गेली. त्या दिवसापासून ती बांधीतही ते गाणं म्हणत नव्हती, संगतच्या बाया सांगत. दुसरे गाणे म्हणे, ते नाई.

अन् याच्यावरही माहं भागलं नाई. तिची जी मूळ टेप होती, वाकून गायलेली, ती वर्षभर फळीवर पडून होती. मले एकदा हौस आली का आपल्या गप्पाची कॅसेट काढावी, धनपालचे किस्से, लोक एवढे हसतेत तं विकली जाईन. कोरी टेप जवळ नव्हती, तुमसरात कोरी टेप भेटत होती, पण उठून कोण जाईन? फळीवरची घेतली अन् तिच्यावर बोललो. शेवंताबाईच्या गळ्यावर मी माहा वाघ सोडला.

कॅसेट धडाक्यानं चालली. जयंतीले, लग्नात, विहाराच्या भोंग्यावर, अजूनही वाजते. पाटी दे वं माय कोणाले येत नाई? पोरं शाळेत म्हणतेत. कोणाचं आहे म्हटलं तं म्हणतेत, जुनं आहे. मंग सीडी आली, मोबाईल आला, माह्या खोलीतलं तणस उंदरानं खाल्लं. शेवंताबाई वारली तवा मी मौतीले गेलो, तिथंही दोन बायाईनं हळूच तेच गाणं धरलं, अन् मी शेवटच्या कडव्याच्या आधी उठलो. मले तंबाखू थुकाची होती, असं मी सांगितलं.

ह्या दोन वर्षातली गोष्ट. दुपारी एक पोट्टी आली घरी, केस कापलेले, गळ्यात हेडफोन. जयभीम आबाजी, म्हणे, मी प्रज्ञा, शेवंताबाईची नात, तिच्या लहान्या पोराची पोरगी. म्हणे, मी रॅप करतो. मी म्हटलं, तो काय रोग आहे वं? हसली. म्हणे, अमेरिकेतल्या काळ्या पोट्ट्याईनं हे सुरू केलं. त्याईच्याजवळ वाजवाले बँड नव्हते, तं त्याईनं आपल्या मायबापाच्या जुन्या रेकॉर्डीतले तुकडे घेतले, ते फिरवून फिरवून वाजवले अन् त्याच्यावर आपलं बोलले. मले माह्या आजीचा तुकडा पाह्यजे, आबाजी. सगळे सांगतेत का तुमच्याजवळ तिची खरी टेप आहे.

सगळे कोण? मीच सांगत होतो सगळ्याईले. चाळीस वर्षं झाले, पान खाताना, बिडी पेटवताना, शेवंताबाईची असल टेप माह्या पेटीत आहे म्हणून.

आता पेटी उघडणं आलं. टेप काढली, लावली. माहा आवाज. वाघाचा किस्सा. मीच सांगून राह्यलो अन् मीच हसून राह्यलो. पोट्टीनं विचारलं, हे कोण? मी म्हटलं, असन कोणी. मंग म्हणे, पुढं असन आबाजी, शेवटी असन. दोन्ही साईडी ऐकल्या आम्ही, पूर्ण. मी कधी लवकर थांबलो जिंदगीत? फितीच्या टोकापर्यंत बोललो होतो.

ती रडली नाई. म्हणे, जाऊ द्या, शेवटचं कडवं तरी सांगा. बाबाले येत नाई, संगच्या बाया गेल्या, एक उरली तिले मधातलंच आठवते. तुमच्यासमोर गायली ना ती? अन् मोबाईल माह्या तोंडासमोर धरला. काय करू? मले आठवेना. अन् मले बनवता येते, हे तुम्ही आतापर्यंत ओळखलंच असन. मी डोळे मिटले, दोन मिनटं आठवल्यावाणी केलं, अन् म्हटलं,

शेवंता म्हणे, चिखल वाळला
लेकीच्या पाटीवर दिस उजाडला

चांगलं झालं होतं. मलेच बरं वाटलं. पोट्टीनं दोनदा म्हणून पाह्यलं अन् थांबली. म्हणे, पण आबाजी, आजीले तं लेक नव्हती, दोन्ही पोट्टेच. मी घाबरलो. अन् मी काही बोलाच्या आधी तिनंच जवाब काढला. म्हणे, तिनं माह्यासाठीच म्हटलं असन ना? मी व्हाच्या आधीच? अन् तवा ती रडली. माहा हात धरून रडली, का तुम्ही माही आजी मले वापस देली.

जिंदगीभर मी झूट बोललो अन् लोक हसले. हे पहिलं झूट का कोणी त्याले धरून रडलं. दोन रोज भाकर गोड लागली नाई. तिसऱ्या दिवशी बस धरून आंधळगावले गेलो. ती ओट्यावर बसून तेच म्हणत होती, ठेका धरून. म्हटलं, पोरी, बंद कर, ते माहं आहे, तुह्या आजीचं नाई. कडवं मी कापलं, टेप मी पुसली, कव्हर मी लिहिलं. तिचा बाप आतून ऐकत होता, तो बाहेर आला अन् म्हणे, काका, तुम्ही जा. ती उठून आत गेली. मी फाट्यापर्यंत पायी आलो. तुम्हाले वाटत असन, सांगून हलकं वाटलं असन. नाई वाटलं. तिच्याजवळ एक आजी होती तीही मी दुसऱ्यांदा काढून घेतली, अन् आता तिले तेही माहीत होतं.

ह्या सालच्या जयंतीले एकोडीले तिचा कार्यक्रम होता. मले कोणी बोलावलं नाई, मी गेलो, मागं बायाईच्या बाजूले बसलो. पोट्टीनं पाटी दे वं माय घेतलं. आधी फक्त पाय, थप्प थप्प, मंग ती ओळ, मंग तिचं आपलं बोलणं, भराभर, मले अर्धंही समजलं नाई, पण शेवंता, आंधळगाव, रोवणा, असं प्रत्येक ठिकाणी ती नाव घेऊन राह्यली होती, एकदा नाई, वीसदा. मंग शेवटी म्हणे, शेवंता म्हणे... अन् चूप. माइक तोंडासमोर तसाच. पाय वाजून राह्यले, आठ ठेके, अन् तोंडातून काही नाई. पोरं ओरडाले लागले, माइक गेला, माइक गेला, साउंडवाला धावला वायर पाहाले. तिनं हातानंच त्याले थांबवलं. आठ ठेके झाले अन् ती मंचावरून उतरली.

आता जिथं जाते तिथं असंच करते म्हणे. ती जागा तिनं तशीच ठेवली. माह्या बाजूले एक म्हातारी बसली होती, तोंडात दात नाई, मले ओळखत नव्हती. मले कोपरानं ढोसून म्हणे, का गा, इथं काही होतं का?

मी म्हटलं, होतं ना बाई. इथं शेवंताबाई होती. मी कापली तिले.

ती म्हणे, ऐकू नाई आलं, जोरानं बोल. मंग मी जोरानं बोललो. चार माणसं वळून पाहाले लागले. हसलं कोणी नाई. त्या पोट्टीचं चांगलं होवो, तिचा आवाज तिच्या आजीवाणीच खरखरीत आहे, कोणी साफ करू नये.